यादवीतले मृत आणि दगडावरची नावं

आजचा विषय जाहीर झाल्यावर काहींनी विचारलं, की यादवी युद्धातल्या सैनिकांची स्मारकं म्हणजे अमेरिका, नाहीतर स्पेन. खारघरला बसून आपण त्याची चर्चा कशाला करायची? आपल्याकडे यादवी झालीच नाही, असं आपण धरून चालतो. शब्द मात्र आपलाच आहे. यादव आपसांत लढून संपले, त्यावरून तो आला.

२५ ऑक्टोबर १८०२ ची हडपसरची लढाई घ्या. ऐन दिवाळीत यशवंतराव होळकरांनी दुसरा बाजीराव आणि शिंदे यांच्या एकत्रित फौजेला हरवलं. त्याआधी १७९३ मध्ये लाखेरीला शिंदे-होळकर असेच भिडले होते. हडपसरनंतर बाजीराव वसईला गेला आणि ३१ डिसेंबरला त्याने इंग्रजांशी तह केला. १ जानेवारी १८१८ ला कोरेगाव भीमाला कंपनी आणि पेशवे यांची जी लढाई झाली, तिचा एक धागा इथून निघतो. तिला निव्वळ यादवी म्हणता येणार नाही. पण दोन्ही बाजूंना याच मुलखातले शिपाई होते, हे नाकारता येत नाही.

आता कोरेगावचा स्तंभ पाहू. तो कंपनीने उभारला, पायाभरणी १८२१ ची. आपल्या पलटणीचा पराक्रम मिरवणं हा हेतू उघड आहे, आणि त्यावरची टीका तेवढ्यापुरती रास्त आहे. पण टीकाकार स्तंभ वाचायचं विसरतात. त्यावर ४९ नावं आहेत. त्यांतली २२ 'नाक' या प्रत्ययाची, म्हणजे महार शिपायांची. पेशवाईत ज्यांची सावलीही विटाळ मानली गेली, त्यांची नावं इथे चारचौघांत कोरलेली आहेत. १ जानेवारी १९२७ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकर तिथे गेले, आणि स्तंभाचा अर्थ कंपनीच्या हातून सुटला. आज तिथे जाणारी माणसं कंपनीला वंदन करायला जात नाहीत.

२०१८ च्या १ जानेवारीला तिथे हिंसाचार झाला, एका तरुणाचा जीव गेला. असं काही घडलं की कुणीतरी सुचवतं, दोन्ही बाजूंचं एकच स्मारक करा म्हणजे भांडण मिटेल. ऐकायला गोड वाटतं. स्पेनमध्ये फ्रँकोने हेच केलं. माद्रिदजवळच्या डोंगरात १९५९ साली उघडलेल्या त्याच्या स्मारकात ३३ हजारांहून अधिक मृतांचे अवशेष आहेत, दोन्ही बाजूंचे. पण हरलेल्या बाजूच्या कित्येकांचे अवशेष घरच्यांना न विचारता आणले गेले, आणि पुढे खुद्द फ्रँकोलाच तिथे मानाची जागा मिळाली. २०१९ मध्ये त्याचा देह तिथून हलवावा लागला. सगळ्यांना एकत्र पुरलं म्हणजे समेट झाला, असं होत नाही. मृतांच्या माणसांना विचारलं का, हा प्रश्न आधीचा आहे.

आपल्या महाभारतात तो विचारलेला आहे. स्त्रीपर्वात युधिष्ठिर दोन्हीकडच्या मृतांचे, ज्यांचं कुणी उरलं नाही त्यांचेही, अंत्यसंस्कार करवतो. मग जलदानाच्या वेळी कुंती सांगते, कर्णालाही पाणी द्या, तो तुमचा थोरला भाऊ. म्हणजे सरसकट विधीने काम भागलं नाही. एक नाव उच्चारावं लागलं, त्यासोबत लपवलेलं सत्यही सांगावं लागलं. युधिष्ठिराला ते फार जड गेलं. यादवीचं खरं स्मरण असंच जड जाणार.

म्हणून आमचं म्हणणं असं, की समेटाच्या नावाखाली कोरेगावचा स्तंभ पुसट करू नये. ज्यांना तिथे नाव मिळालं, त्यांच्याकडून ते पुन्हा काढून घ्यायचा अधिकार आपल्याला नाही. पेशव्यांच्या बाजूने पडलेल्या साध्या शिपायांची आठवण जरूर ठेवावी, पण वेगळी, त्यांच्या त्यांच्या नावांनी. आणि समेटाची एवढीच तळमळ असेल तर सुरुवात हडपसरपासून करावी. तिथे दोन्ही बाजू आपल्याच होत्या. सेनापतींची नावं आपण शाळेत पाठ केली. शिपायांची नावं शोधायची, तर जुन्या दफ्तरांत बसावं लागेल. मिरवणुकीपेक्षा ते कष्टाचं काम आहे.

इथे थांबतो. आता तुमचे प्रश्न घेऊ.