वाक्यातला जोर आणि वाक्याबाहेरचा कर्ता

दलित साहित्याच्या भाषेविषयी आजवर पुष्कळ लिहिले गेले. परंतु ती चर्चा बहुतांशी शब्दांपाशीच घोटाळत राहिली. शिव्या, बोलीतले शब्द, अशिष्ट ठरवल्या गेलेल्या वस्तूंची नावे यांवर प्रस्थापित समीक्षेने आक्षेप घेतले आणि आपल्या समीक्षकांनी त्या शब्दांचे समर्थन केले. वाक्याकडे मात्र दोघांचेही दुर्लक्ष झाले. वस्तुतः कोणी केले, कोणावर केले आणि का केले, या तिन्ही प्रश्नांची उत्तरे शब्दांइतकीच वाक्याच्या रचनेत दडलेली असतात. वाक्यात जोर कोठे पडतो, हा म्हणूनच चळवळीच्याही आस्थेचा विषय झाला पाहिजे.

प्रत्येक भाषेची जोर देण्याची तऱ्हा वेगळी. इंग्रजीत शब्दांचा क्रम बराच बांधलेला असतो. कर्ता आणि कर्म यांच्या जागा बदलल्या की मारणारा मार खाणारा होतो. त्यामुळे इंग्रज माणूस क्रम तसाच ठेवून आवाज चढवतो, छापताना तो शब्द तिरप्या टायपात घालतो, किंवा 'तो मुकादम होता, ज्याने मारले' अशा धाटणीचे जोडवाक्य रचतो. फ्रेंचमध्ये आघात शब्दसमूहाच्या अखेरीस पडतो, म्हणून तेथे अशा जोडवाक्याचाच आधार अधिक घेतला जातो. हंगेरियन भाषेत क्रियापदाच्या लगेच आधीची जागा जोराच्या शब्दासाठी असते. मराठी या बाबतीत हंगेरियनच्या जवळची आहे. 'मुकादमाने किसनला मारले' आणि 'किसनला मुकादमाने मारले' या दोन्ही वाक्यांत मारणारा एकच. विभक्तीचे प्रत्यय त्याला ओळखू देतात. पण दुसऱ्या वाक्यात 'कोणी' या प्रश्नाचे उत्तर क्रियापदाला खेटून बसले आहे. शिवाय आपल्याजवळ 'च' आहे. हे एकच अक्षर ज्या शब्दाला चिकटते, त्याच्याखेरीज बाकी सर्वांना ते वगळून टाकते.

नकाराचेही असेच आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला बाबासाहेबांनी आपल्या अनुयायांना २२ प्रतिज्ञा दिल्या. त्यांतील सुरुवातीच्या प्रतिज्ञांची घडण पाहावी. आधी 'मी', मग देवांची नावे, आणि अगदी अखेरीस क्रियापदापाठोपाठ 'नाही'. ज्यांच्यापुढे पिढ्यान्‌पिढ्या मान लववली ती नावे उच्चारून झाल्यावर नकार येतो आणि वाक्य त्यावरच थांबते. इंग्रजीत नकार आधी येऊन जातो, नावे त्याच्या मागून येतात. अर्थ तोच राहतो. समुदायाने एका आवाजात टाकलेला शेवटचा शब्द मात्र हरवतो.

आता निनावी कर्त्याकडे वळू. मराठीच्या भूतकाळात क्रियापद पुष्कळदा कर्त्याला सोडून कर्माच्या मागे जाते. 'त्याने भाकरी हिसकावली' यातील 'हिसकावली' हे रूप भाकरीला ओळखते, हिसकावणाऱ्याला ओळखत नाही. त्यामुळे 'त्याने' हा शब्द गळाला तरी वाक्य उभेच राहते. ही सोय दोन वेगळ्या तोंडी दोन वेगळी कामे करते. माझ्या घरातील निरक्षर वडीलधारी माणसे 'विहिरीवर पाणी भरू दिलं नाही' एवढेच म्हणत. कोणी, हे विचारावे लागत नसे. अख्ख्या वस्तीला ते ठाऊक होते. तो कर्ता वाक्याबाहेर होता, पण गावात होता. वर्तमानपत्र जेव्हा 'वस्तीवर दगडफेक झाली' किंवा 'दोन गटांत हाणामारी' असे छापते, तेव्हा दूरच्या वाचकाला कर्ता कोठेच सापडत नाही; दुसऱ्या मथळ्यात तर मार खाणाराही मारणाऱ्याच्या पंगतीत बसवला जातो.

अनुवादकाची खरी परीक्षा येथे होते. १९९२ मध्ये अर्जुन डांगळे यांनी संपादित केलेला इंग्रजी अनुवादसंग्रह निघाला, आणि पुढे अनेक आत्मकथने इंग्रजीत गेली. इंग्रजी वाक्याला कर्ता लागतोच. 'पाणी भरू दिलं नाही' याचे 'त्यांनी भरू दिले नाही' केले, तर कोणी परकी टोळी आली होती असे वाटते; 'आम्हाला परवानगी नव्हती' केले, तर तो एखाद्या कार्यालयाचा नियम वाटतो. अनुवादाची समीक्षा करताना केवळ 'बलुतं'सारख्या शब्दाचे काय झाले एवढेच न पाहता या अनुच्चारित कर्त्याचे काय झाले, तेही तपासले पाहिजे.

कायद्यात तर जोराची किंमत आयुष्याने मोजावी लागते. १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्यातील कलम ३(२)(५) मध्ये, पीडित व्यक्ती अनुसूचित जातीची वा जमातीची आहे 'या कारणावरून' गुन्हा घडलेला असावा, अशी अट होती. 'केवळ' हा शब्द तेथे नव्हता. तरीही 'जातीमुळे' याचा अर्थ अनेकदा 'जातीमुळेच' असा लावला गेला. न लिहिलेला 'च' वाचला गेला. २९ सप्टेंबर २००६ रोजी खैरलांजीत भोतमांगे कुटुंबातील चौघांची हत्या झाली. २००८ मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने आठ जणांना दोषी ठरवले, परंतु हा कायदा लागू केला नाही. २०१० मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानेही तेच कायम ठेवले. कारण सूड मानले गेले, जात नव्हे. एका दलित बाईने साक्ष द्यावी याचा एवढा राग का यावा, हा प्रश्न त्या वाक्यरचनेत मावलाच नाही. संसदेने २०१५ च्या दुरुस्तीने 'या कारणावरून' हे शब्द काढून 'हे ठाऊक असताना' अशा अर्थाचे शब्द घातले. २६ जानेवारी २०१६ पासून ते अमलात आहेत. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही पाटण जमाल वली खटल्यात सांगितले की, गुन्हा केवळ जातीमुळे घडला नाही म्हणून संरक्षण नाकारणे म्हणजे विषमतेची एकावर एक चढणारी ओझी नाकारणे होय. तरीही त्या खटल्यात पुराव्याअभावी या कायद्याखालील शिक्षा टिकली नाही. सुधारलेला शब्द पुराव्यात उतरावा लागतो, आणि पुराव्याचा आरंभ फिर्यादीच्या पहिल्या वाक्यात असतो.

पीडित बाई 'पोरांनी जातीवरून शिव्या दिल्या' असे सांगते आणि कागदावर 'शिवीगाळ करण्यात आली' एवढेच उतरते. कर्ताही गेला आणि कारणही गेले. याच दुरुस्तीने कलम ४ मध्ये, तोंडी दिलेली माहिती सही घेण्यापूर्वी फिर्यादीला वाचून दाखवणे हे कर्तव्य ठरवले आहे. त्या वाचनाच्या वेळी, कोणी आणि का हे दोन्ही शब्द क्रियापदाजवळ जागेवर आहेत की नाहीत, हे ऐकणारा माणूस शेजारी हवा. व्याकरण शिकलेल्या आपल्या विद्यार्थ्यांनी हे काम अंगावर घ्यावे.