बिबट्याची वदंता : एक वाङ्मयीन विचार

वदंतेला एक वाङ्मयप्रकार मानून तिची चिकित्सा केली असता, तिचे बळ अद्भुतात नसून संभाव्यतेत आहे, असे दिसून येते. जुन्नर व आंबेगाव तालुक्यांत बिबट्या हे कल्पित नव्हे. उसाच्या फडांत तो वस्ती करून आहे; जुन्नरनजीक माणिकडोह येथे बिबट निवारा केंद्र आहे; आणि २०२५ साली जुन्नर वनविभागात त्याच्या हल्ल्यांत माणसे दगावली. त्याच सुमारास संगणकाने रचलेली बिबट्याची खोटी चित्रे पुणे परिसरात मोबाईलवरून फिरली.

गावातील जुन्या वदंतेला निदान वक्ता असे. ‘कोणी पाहिला, कोणत्या शिवारात?’ असा उलटप्रश्न त्यास करता येई. मोबाईलवरून हातोहात पुढे धाडलेल्या संदेशाला वक्ता नाही, स्थळ नाही, काळ नाही. या तिन्हींपासून तुटलेल्या संहितेचा अर्थ वाचणाऱ्याचे भय ठरविते. याचा दारुण दाखला धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे मिळतो. तेथे १ जुलै २०१८ रोजी नाथपंथी डवरी गोसावी या भटक्या जमातीतील पाच जणांना, मुले पळविणारे समजून, जमावाने ठार मारले. तशा संदेशांनी ते भय आधीच पेरून ठेवले होते.

राईनपाड्यास खोटे ते खरे मानले गेले. जुन्नर-आंबेगावात याच्या उलट धोकाही संभवतो : खोट्या चित्रांना विटलेला शेतकरी रात्री दारे धरायला निघताना खरा इशाराही खोटा मानील. संभाव्यता ही सत्याची कसोटी नव्हे. वक्ता, स्थळ व काळ यांची विचारणा हेच येथे समीक्षेचे पहिले कर्तव्य होय.