गॉलवेचा जॅक टेलर

आयर्लंडात खाजगी हेर रुजणे कठीण. १७९८ चा उठाव खबऱ्यांनी आतून पोखरला. तेव्हापासून दुसऱ्याच्या घरात डोकावणारा माणूस तिथे कुणालाच नको. केन ब्रुएन यांनी ‘द गार्ड्स’ (२००१) या कादंबरीत नेमका असाच माणूस नायक केला. जॅक टेलर हा पोलिसांतून बडतर्फ झालेला, गॉलवे शहरातला दारुडा. सरकारी कोट मात्र तो परत करीत नाही! मुलीने आत्महत्या केली हे न पटलेली एक आई त्याच्याकडे येते.

तपास, खरे सांगायचे तर, ढिला आहे. पण जॅकची दारू सुटते, पुन्हा लागते, ती पाने वाचताना मी गुन्हेगाराला विसरलोच. मुलांच्या हाती हे पुस्तक द्यावे का? मी देईन, मॅट्रिक झाल्यावर.