चौकटीतील शेत, चौकटीबाहेरची मालकी

आरंभीच्या मूकपटांतील ग्रामीण दृश्यांना 'निव्वळ नोंद' म्हणण्याचा प्रघात आहे. कथानक नाही, नट नाहीत, म्हणून तेथे वास्तव जसेच्या तसे उतरले, हे त्यामागील गृहीतक. ते तपासून पाहिले पाहिजे.

ल्युमिएर बंधूंच्या 28 डिसेंबर 1895 च्या पॅरिसमधील सशुल्क खेळात बाळाला भरवणाऱ्या आईबापांचे एक दृश्य होते. प्रेक्षकांचे लक्ष वेधले ते मागे वाऱ्याने हलणाऱ्या पानांनी. जिगफ्रीड क्राकाउअर यांनी 1960 साली 'थिअरी ऑफ फिल्म' या ग्रंथात अशा अनियोजित हालचालींतच चित्रपटाची प्रकृती पाहिली.

याच बंधूंच्या, 1896 च्या सुमाराच्या एका दृश्यात स्त्रिया तण जाळताना दिसतात. सुमारे 17 मीटरची फीत, 50 सेकंदांच्या आसपासचा अवधी, एका जागी रोवलेला कॅमेरा. धूर पसरतो, विरतो. तो कोणाच्या आज्ञेने हलत नाही. येथपर्यंत क्राकाउअर यांचे म्हणणे मान्य करावे लागते. परंतु त्या स्त्रियांचे श्रम धुरासारखे नैसर्गिक नव्हेत. ते कोणाच्या शेतात, कोणत्या मोबदल्यावर चालले आहेत, हे सांगण्याची सोय त्या चौकटीत नाही. परिणामी राबणारी स्त्री आणि विरणारा धूर एकाच पातळीवर येतात. दोन्ही सारखीच रम्य वाटू लागतात.

मालकी ही दिसणारी वस्तू नसून माणसामाणसांतील संबंध आहे. तो उलगडण्यासाठी आधी-नंतरचा क्रम, म्हणजेच निवेदन लागते. नारायण हरी आपटे यांच्या कथेवर बाबुराव पेंटरांनी कोल्हापुरात केलेल्या 'सावकारी पाश' (1925) या मूकपटात कर्जापायी जमीन गमावलेला शेतकरी शहरात गिरणी कामगार होतो. शेताचे एखादे सुटे दृश्य कितीही अस्सल असले, तरी त्याला हे गमावणे दाखवता आले नसते.

म्हणून नोंद गौण ठरत नाही. त्या मूकपटाची प्रत आज उरलेली नाही. कथा मात्र उरली. 1936 साली पेंटरांनीच ती बोलपटात पुन्हा सांगितली. पण 1925 च्या त्या शेतकऱ्याची, म्हणजे तरुण व्ही. शांताराम यांची, देहबोली पुन्हा सांगता येत नाही. कथेचे पुनर्कथन होते. नोंदीचे होत नाही. ग्रामीण वास्तवाची चर्चा करताना यांपैकी एकीलाच 'वास्तव' ही पदवी बहाल करणारी समीक्षा एक तर मातीला मुकते, नाही तर मातीच्या मालकाला मोकळे सोडते.