चतुःसीमेची भाषा

खरेदीखतातील चतुःसीमेचा परिच्छेद वाङ्मय म्हणून कोणी वाचीत नाही. तथापि अर्थनिर्णयाच्या दृष्टीने इतका जोखमीचा गद्यप्रकार मराठीत क्वचितच आढळेल. येथे एक नाम संदिग्ध राहिले की एखाद्या कुटुंबाचा बांध सरकतो. म्हणूनच या परिच्छेदाचे भाषिक परीक्षण येथे योजिले आहे.

हा प्रकार पुरातन आहे. राष्ट्रकूटांच्या दानपत्रांत ग्रामदानास ‘चतुराघाटनोपलक्षित’ असे विशेषण येते. ‘आघाट’ म्हणजे सीमा. मात्र मनुस्मृतीचा आठवा अध्याय शब्दांवर विसंबून राहत नाही. सीमेवर वृक्ष लावावेत आणि दगड, हाडे, कोळसे, खापऱ्या यांसारख्या खुणा भूमीत पुरून ठेवाव्यात, असे तो सांगतो. खूण जमिनीत असावी व शब्दाने तिच्याकडे केवळ बोट दाखवावे, असा हा विचार दिसतो.

आता नेहमीच्या धाटणीचे एक वर्णन घेऊ: ‘पूर्वेस अमुक याचे शेत, दक्षिणेस ओढा, पश्चिमेस रस्ता, उत्तरेस लिहून देणार यांची राहिलेली जमीन.’ व्याकरणदृष्ट्या ही चारही पदे एका पंक्तीत बसतात. निर्देशाच्या दृष्टीने मात्र ती परस्परांहून सर्वस्वी भिन्न आहेत. शेताचा धनी मरतो किंवा शेत विकतो. मग नाम उरते, निर्देश्य बदलते. ओढा पात्र बदलतो. रस्ता रुंदावतो, आणि हद्द त्याच्या कडेस की मध्यावर, हे वाक्य सांगत नाही. चौथे पद तर आत्मनिर्देशक आहे. विकलेली जमीन कोठे संपते? जेथे न विकलेली सुरू होते तेथे! जी रेषा दस्ताने आखावयाची, तीच आधीपासून आखलेली आहे असे दस्त गृहीत धरतो. एका सर्व्हे नंबरातील तुकडा विकला जातो तेव्हा हा दोष अधिकच जाचक ठरतो, कारण पोटहिस्स्याची मोजणी झालेली नसल्यास नकाशाही ती रेषा दाखवू शकत नाही.

क्षेत्राच्या आकड्याने ही उणीव भरून निघत नाही. गुंठा म्हणजे ३३ फूट लांब व ३३ फूट रुंद जमीन; तेव्हा ‘२० गुंठे’ यावरून २१,७८० चौरस फूट एवढे कळते, ते कोठे हे कळत नाही. क्षेत्र व चतुःसीमा यांत विरोध आल्यास न्यायालये सामान्यतः स्पष्ट चतुःसीमेस प्राधान्य देतात. नियम योग्यच आहे. परंतु ‘स्पष्ट’ या शब्दावर त्याचा सारा भार आहे. आत्मनिर्देशक सीमा वाचावयास स्पष्ट असते, भूमीवर नव्हे.

कायद्यास शब्दाची ही दुर्बलता ठाऊक आहे. १८७२ च्या पुरावा अधिनियमाच्या ९७ व्या कलमातील उदाहरण पाहावे. एका गावची, अमुक याच्या वहिवाटीतील जमीन विकण्याचा करार होतो. विकणाऱ्याची त्या गावी जमीन आहे पण ती त्या इसमाच्या वहिवाटीत नाही, आणि जी वहिवाटीत आहे ती त्या गावी नाही. अशा वेळी कोणती जमीन अभिप्रेत होती याचा बाह्य पुरावा देता येतो. १ जुलै २०२४ पासून त्या अधिनियमाची जागा नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमाने घेतली, तरी हे तत्त्व टिकून आहे.

परंतु पुरावा देणारा साक्षीदार हयात असावा लागतो. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार वादपत्रात मिळकत ओळखण्यास पुरेसे वर्णन द्यावे लागते, आणि हुकूमनाम्यातही तसेच. सदोष वर्णन दस्तातून वादपत्रात व तेथून हुकूमनाम्यात उतरले, तर दावा जिंकलेल्या मनुष्यासही ताबा कोठवर घ्यावा हे कळत नाही. स्थानिक चौकशीसाठी न्यायालय आयुक्त नेमू शकते. पण त्याची साखळी ज्या बिंदूपासून सुरू व्हावयाची, तो बिंदू दस्तानेच द्यावयास हवा.

आमच्या मते दोष मसुदा लिहिणाऱ्याच्या अज्ञानापेक्षा अनुकरणाचा अधिक आहे. मागील खतातील चतुःसीमा पुढील खतात जशीच्या तशी उतरते. तिचा काळ मात्र उतरत नाही. ‘आज रोजी’ हे दोन शब्द, स्थिर खुणेपासूनचे मोजमाप व सोबत नकाशा एवढ्याने बराच अनर्थ टळेल. चतुःसीमा हे शेजाऱ्यांच्या सामायिक ज्ञानावर उभे असलेले गद्य आहे. ते ज्ञान लोपल्यावर वाक्य शुद्ध राहते आणि जमीन हरवते.