‘अकुशल’ हा शब्द कोणाचा? सेनेटचं पुस्तक आणि पेणचे हात

कारागिरीवर संशोधन करायचं ठरवलं की रिचर्ड सेनेटचं ‘द क्राफ्ट्समन’ (2008) कधी ना कधी हातात येतंच. काम त्या कामासाठीच नीट करण्याची ओढ म्हणजे कारागिरी, असं तो मानतो. पियानोवादक, स्वयंपाकी, काच फुंकणारे यांची बोटं कशी शिकतात, यावर त्यात अख्खं प्रकरण आहे. जरूर वाचा. पण तेवढंच डोक्यात घेऊन फील्डवर गेलात, तर माझं झालं तसं होईल.

पेणजवळ हमरापूर-जोहे भागातल्या गणपतीच्या कारखान्यात बसलो की माझी नजर आखणी करणाऱ्यावरच खिळायची. श्वास रोखून, ब्रशच्या एका ओढीत डोळा! वही भरली. रात्री वाचलं, तर कच्च्या मूर्तीवरची साच्याच्या जोडाची रेघ पॉलिश पेपरनं घासणाऱ्या बायकांबद्दल दोनच शब्द: ‘फिनिशिंग, अकुशल’. हे मला कुणी सांगितलं नव्हतं. मीच लिहिलं होतं.

दुसऱ्या दिवशी एका मावशींना विचारलं, “कुठं थांबायचं हे कसं कळतं?”

“कळतं की.”

“मग दाखवा ना.”

त्यांनी माझं बोट धरून सोंडेच्या वळणावरून फिरवलं. “इथं जास्त घासलंस तर सोंड बारीक होते. आणि चेहरा खडबडीत राहिला, तर डोळ्याची रेघ फाटते.”

म्हणजे ज्या रेघेवर मी पानं भरली, ती यांच्या हातावर उभी होती.

सेनेट स्ट्राडिवारीच्या कार्यशाळेचं उदाहरण देतो: उस्ताद गेला, त्याच्याबरोबर ज्ञानही गेलं. तिथं ज्ञान एका हातात साठलेलं. पेणला ते साचा, ओतकाम, घासकाम, रंग, आखणी असं वाटलेलं आहे. एकाच हाताकडे बघून ते सापडत नाही.

हातवाऱ्यांच्या अभ्यासाचंही तसंच. डेव्हिड मॅकनीलनं (‘हँड अँड माइंड’, 1992) लोकांना कार्टून दाखवून गोष्ट सांगायला लावली आणि त्यांचे हातवारे टिपले. तिथं हात मोकळे होते. कारखान्यात ते कामात गुंतलेले असतात. म्हणून ‘सांगा’ऐवजी ‘दाखवा’ म्हणा.

आता मला रोह्याला, धाटावच्या एमआयडीसीत जायचंय. तिथं तर हात हातमोज्यात. हीच चूक तिथं आणखी सोपी.

आणि ही चूक वहीपुरती राहत नाही. किमान वेतनाच्या तक्त्यात कुशल, अर्धकुशल, अकुशल याच शब्दांवर मजुरी ठरते. तेव्हा आज तुमच्या नोट्स उघडा, ‘अकुशल’ शोधा आणि समोर लिहा: हे कोण म्हणालं?