विडंबन कीं विटंबना?

जपानी चित्रमालिकांचा, म्हणजे तेथें ज्यांस 'आनिमे' म्हणतात त्यांचा, छंद आतां आपल्याहि घरांतील मुलांस लागला आहे. तेव्हां त्या मालिकांच्या छायेंत वाढलेल्या एका प्रकाराची चर्चा वाचकांस अप्रस्तुत वाटूं नये. हा प्रकार म्हणजे चाहत्यांनींच रचलेले, 'केवळ प्रौढांसाठीं' म्हणून खपणारे संगणकावरील विडंबन-खेळ.

या परंपरेचें मूळ हीन नाहीं. २१ डिसेंबर १९७५ रोजीं तोक्यो येथें 'कॉमिक मार्केट' हा बाजार प्रथम भरला, तेव्हां तेथें ३२ हौशी मंडळें होतीं व सुमारें ७०० लोक आले होते. स्वखर्चानें छापलेल्या पुस्तकांच्या जोडीला पुढें तेथें खेळहि आले. जपानी कायद्याप्रमाणें अशा कृतींवर मूळ हक्कदाराच्या फिर्यादीवांचून खटला होत नाहीं. २०१८ सालच्या सुधारणेनें जशाच्या तशा चोरट्या नकलांपुरती ही अट उठली. रूपांतरित कृतींस ती कायम राहिली. म्हणजे हा सारा व्यवहार मूळ धन्याच्या मौनावर उभा आहे.

तें मौन एकदां मोडलें. कोनामी कंपनीच्या 'तोकिमेकी मेमोरियल' (१९९४) या खेळांतील सोज्ज्वळ शाळकरी नायिकेवर कोणीं एक अश्लील चित्रफीत काढली. कंपनीनें दावा लावला व ३० ऑगस्ट १९९९ रोजीं तोक्यो जिल्हा न्यायालयानें तिच्या बाजूनें निकाल दिला. नायिकेची निर्मळ प्रतिमा पालटणें हा मूळ कृतीच्या अखंडत्वावर आघात होय, असा त्याचा आशय. निकाल कायद्याचा खरा. पण त्यांत वाङ्मयाचेंहि एक तत्त्व आहे. पात्र म्हणजे केस नि पोषाख नव्हे; पात्र म्हणजे स्वभाव.

विडंबनकारास हा स्वभाव पुरता ठाऊक असावा लागतो. 'झेंडूचीं फुलें' (१९२५) लिहिणाऱ्या केशवकुमारांनीं समकालीन कवींच्या लकबी अचूक हेरल्या, म्हणूनच वाचकांस हंसूं आलें. या खेळांत नांव व केसांचा रंग तेवढा उसना घेतात आणि स्वभाव टाकून देतात. संवादांतून सोयीचे पर्याय निवडावे, गुण सांठवावे, आणि गुण पुरे होतांच पात्रानें वश व्हावें! मानी काय नि भित्रें काय, सर्वांचा हिशेब एकच. मग येथें उपहास झाला तो कशाचा? आणि पात्र शाळकरी वयाचें असेल, तेथें तर वादच खुंटतो. रसिकतेची कोणतीहि सबब त्या प्रकारास क्षम्य ठरवूं शकत नाहीं.

शृंगार आला कीं कृति बुडाली, असें आमचें म्हणणें नाहीं. टाइप-मून या तेव्हांच्या हौशी मंडळानें २००० सालीं काढलेला 'त्सुकिहिमे' हा खेळ विडंबन नव्हे, स्वतंत्र कथा आहे. पण प्रौढांचे प्रसंग त्यांतहि होते. २०२१ सालीं तिच्या पूर्वार्धाची नवी आवृत्ति निघाली, तेव्हां ते प्रसंग गाळले गेले. कथा उभीच राहिली.

हीच कसोटी विडंबन-खेळांस लावून पाहावी. ते प्रसंग गाळल्यावर बहुतेकांत उरतें तें एक नांव. आणि तेंहि दुसऱ्याचें.